फोनबिल कोण भरणार? एमिली जासिर यांच्या एका कामाचा प्रकरण अभ्यास

वेस्ट बँकेत राहणाऱ्या एका पॅलेस्टिनी माणसाचं काम अगदी किरकोळ होतं: जेरुसलेमच्या पोस्टात जाऊन त्याचं फोनबिल भरायचं. तो राहत होता तो भाग इस्रायल आणि पॅलेस्टिनी नेत्यांमधल्या ऑस्लो कराराच्या वाटणीत ‘क’ क्षेत्रात, म्हणजे पूर्णपणे इस्रायलच्या ताब्यात. त्यामुळे फोनची सेवा इस्रायली. बिल इस्रायली पोस्टातच भरायचं, ते पोस्ट जेरुसलेममध्ये, आणि जेरुसलेममध्ये जायची त्याला मनाई. फोन द्यायला हद्द आड आली नाही, पैसे भरायला मात्र आली. मग दर खेपेला तिकडे जाणारं कुणीतरी शोधायचं. त्यातली एक खेप पॅलेस्टिनी कलावंत एमिली जासिर यांनी केली. त्या बिलाची नोंद आणि सोबतचा फोटो ज्या कामाचा भाग आहेत, ते काम आज सॅन फ्रान्सिस्कोच्या आधुनिक कला संग्रहालयाच्या संग्रहात आहे.

कामाचं नाव ‘व्हेअर वी कम फ्रॉम’, काळ 2001 ते 2003. जासिर यांचं घराणं बेथलहेमचं, बालपण सौदी अरेबियात गेलं, पुढची शाळा रोममध्ये. पुढे त्यांना 2007 च्या व्हेनिस द्वैवार्षिक कलाप्रदर्शनात सुवर्णसिंह पुरस्कार मिळाला आणि 2008 चा ह्यूगो बॉस पुरस्कारही. पण त्यांची पद्धत समजून घ्यायला हेच काम घ्यावं. विस्थापन, स्मृती, रोजचं जगणं हे शब्द पॅलेस्टिनी कलेविषयी इतके वापरले जातात की ते गुळगुळीत झाले आहेत. इथे ते खिडकी, रांग आणि ओळखपत्र यांच्या पातळीवर तपासता येतात.

कलाकृतीच्या साहित्याची अधिकृत यादी अशी: अमेरिकन पासपोर्ट, 30 मजकूर, 32 रंगीत छायाचित्रं आणि एक व्हिडिओ. चित्राखाली ‘कॅनव्हासवर तैलरंग’ लिहितात त्या जागी इथे पासपोर्ट लिहिला आहे. ही शोभेची नोंद नाही. हा पासपोर्ट नसता तर या कामातली बहुतेक पानं कोरीच राहिली असती.

आधी हद्दींचं गणित

ते गणित कळल्याशिवाय हे काम नुसतं हळवं वाटतं, आणि तसं ते बऱ्याच जणांना वाटलंही आहे.

1972 पासून वेस्ट बँक आणि गाझातल्या रहिवाशांना इस्रायल आणि पूर्व जेरुसलेममध्ये ये-जा करायला एक सरसकट परवानगी होती. जानेवारी 1991 मध्ये ती रद्द झाली आणि ज्याचा त्याचा वेगळा परवाना सुरू झाला. मार्च 1993 पासून जेरुसलेमची वाट परवान्याशिवाय कायमची बंद झाली. गाझा ते वेस्ट बँक असा एक ‘सुरक्षित मार्ग’ ऑक्टोबर 1999 मध्ये उघडला होता. सप्टेंबर 2000 च्या अखेरीस दुसरा इंतिफादा, म्हणजे पॅलेस्टिनी उठाव, पेटला आणि ऑक्टोबरात तोही बंद झाला. जासिर यांचं काम नेमकं त्यानंतरच्या दोन-तीन वर्षांतलं आहे.

या काळात एखाद्याला कुठे जाता येईल हे त्याच्या गावावर ठरत नव्हतं, खिशातल्या कागदावर ठरत होतं. वेस्ट बँकेचं ओळखपत्र असेल तर जेरुसलेम बंद, इस्रायलमधलं हैफा बंद, गाझाही बंद. गाझाचं ओळखपत्र घेऊन वेस्ट बँकेतल्या रामल्लात शिकायला आलेला मुलगा घरी गेला तर परत येण्याची खात्री नाही. लोकसंख्येची नोंदवही इस्रायलच्या हाती, आणि 2000 नंतर गाझाचा पत्ता बदलून वेस्ट बँकेचा करून घेणं जवळपास थांबलं. त्यामुळे असा मुलगा रामल्लात राहत असूनही कागदोपत्री तिथला नाही. जेरुसलेमचं निळं ओळखपत्र असलेल्याला शहरात आणि इस्रायलमध्ये फिरता येतं, पण दीर्घकाळ बाहेर राहिला की ते रद्द होण्याची टांगती तलवार. सीरिया किंवा लेबनॉनमधल्या निर्वासिताला यातलं काहीच उघडं नाही. आणि ज्याचं नाव वेस्ट बँक किंवा गाझाच्या नोंदवहीत आहे, त्याच्याकडे अमेरिकन पासपोर्ट असला तरी इस्रायलच्या लेखी तो तिथला रहिवासीच, त्यामुळे त्यालाही तेव्हा तेच निर्बंध होते.

उरतो तो परदेशी पासपोर्टवर पर्यटक म्हणून आलेला माणूस. हैफाचा समुद्रकिनारा, जेरुसलेमचं पोस्ट, गाझातलं एखादं घर, हे सगळं एकाच आठवड्यात गाठणं त्याला जमण्यासारखं होतं. म्हणजे ज्यांची ती जमीन त्यांना नाही, आणि शिक्का मारून घेणाऱ्या पाहुण्याला आहे. जासिर यांनी या विसंगतीवर भाषण केलं नाही. त्यांनी ती कामाला लावली.

प्रश्न कसा विचारला

जगभर पांगलेल्या आणि आत अडकलेल्या पॅलेस्टिनींना त्यांनी एकच विचारलं: पॅलेस्टाइनमध्ये कुठेही तुमच्यासाठी मला काही करता आलं, तर काय करू?

या प्रश्नाची बांधणी नीट पाहण्यासारखी आहे. विस्थापितांवरचे बहुतेक माहितीपट आणि मुलाखती ‘काय आठवतं’ इथून सुरू होतात. त्या प्रश्नाचं उत्तर घरोघरी तयार असतं, कारण तेच शेकडो वेळा सांगून झालेलं असतं: संत्र्यांच्या बागा, घराची किल्ली, रात्रीची पळापळ. खोटं त्यात काही नसतं, पण त्याचा घाट पक्का झालेला असतो. शिवाय ते उत्तर 1948 मध्येच, म्हणजे इस्रायल स्थापन होताना घर सुटलं तिथेच थांबतं. ‘काय करू’ म्हटलं की माणसाला आजचं सांगावं लागतं. दुसऱ्याने एका दिवसात जाऊन उरकण्यासारखं काम हवं, म्हणून ते नेमकं होतं: कुठलं गाव, कुणाचं घर, कुठली खिडकी, कुठल्या तारखेला. स्मृती येते, पण पत्ता घेऊन येते.

आलेल्या विनंत्यांचा पल्ला मोठा होता. हैफाला जा आणि रस्त्यात जो पहिला पॅलेस्टिनी मुलगा दिसेल त्याच्याशी फुटबॉल खेळ. आईवडिलांच्या गावचं पाणी पी. कार्मेल डोंगरावर चढून तिथून समुद्र बघ. गाझाला जाऊन सय्यादिया खा, म्हणजे तिकडचा मासळी-भात. गाझातल्या बैत लाहियाला माझ्या घरी जा आणि घरच्यांचा, विशेषतः भावाच्या पोरांचा, फोटो आणून दे. हैफात एखाद्या साध्या दिवशी मी तिथे राहत असतो तर जे केलं असतं ते कर. एकाला पूर्व जेरुसलेममधल्या एका मुलीला भेटायचं होतं. दोघं फोनवरच बोलत आले होते, आणि त्याच्या वतीने तिच्याबरोबर बाहेर जायचं काम जासिर यांच्याकडे आलं. एका मुलानं आईला भेटून तिला मिठी मारायला आणि मुका घ्यायला सांगितलं, मग सूर्यास्ताला समुद्रावर जाऊन वास घ्यायला, थोडं चालायला. आणि शेवटी विचारलं की मी जास्तच तर मागत नाही ना.

इतक्या छोट्या मागण्या वाचून आधी हसू येतं आणि मग अडखळायला होतं. कुणी घर परत मागत नाही, नुकसानभरपाई मागत नाही. राजकीय हक्क म्हणून ते सगळे मागतही असतील, पण एका माणसाला एका दिवसासाठी सांगायचं काम म्हटल्यावर भातमासळी आणि फोनबिल पुढे येतं. रोजचं जगणं म्हणतात ते हे.

पाटी

प्रत्येक विनंतीची एक पाटी. पांढऱ्यावर काळा छापील मजकूर, अरबी आणि इंग्रजी दोन्ही. त्यात तीन थर आहेत. वर मागितलेलं काम. त्याखाली त्या माणसाचं म्हणणं, की त्याला स्वतःला का जाता येत नाही. कुठे कुठे काम करून आल्यावरची जासिर यांची टीपही. शेवटी फक्त पहिलं नाव आणि एक कोरडी नोंद: जन्म कुठला, राहणं कुठे, पासपोर्ट किंवा ओळखपत्र कुठलं, आई आणि वडील कुठले, आणि ते 1948 मध्ये हाकलले गेले असतील तर तसा उल्लेख.

आमच्या मते सगळ्या कामाचं वजन या शेवटच्या थरावर आहे. तो वगळून वर्तमानपत्रात विनंती आणि फोटो छापला की गोड गोष्ट होते: कलावंत बाई दूरच्या लोकांच्या इच्छा पुऱ्या करतात. नोंद ठेवली की वाचणाऱ्याला हिशेब करावा लागतो. या माणसाचा जन्म जेरुसलेमचा, राहतो बेथलहेमला, ओळखपत्र वेस्ट बँकेचं. दोन्ही शहरांत सात-आठ किलोमीटरचं अंतर. मग अडलं कुठे? तीस पाट्या वाचेपर्यंत वाचकाला परवान्यांची सगळी उतरंड पाठ होते, आणि ती कुणी शिकवलेली नसते.

एक कबर

वर उल्लेख आलेल्या बेथलहेमच्या माणसाचं काम तारखेचं होतं. आई जेरुसलेममध्ये पुरलेली. तिच्या वाढदिवशी कबरीवर जायचं, फुलं ठेवायची, प्रार्थना करायची. त्याने परवाना मागितला होता, तो नाकारला गेला.

जासिर त्या दिवशी गेल्या. कबर झायन टेकडीवरच्या ख्रिस्ती दफनभूमीत, आणि तिथून थोड्याच अंतरावर ऑस्कर शिंडलरची कबर. नाझींच्या तावडीतून हजाराहून अधिक ज्यूंना वाचवणाऱ्या या माणसाच्या कबरीभोवती पर्यटकांची गर्दी होती. ही गोष्ट त्यांनी पाटीवरच्या टिपेत लिहिली. फोटोत कबर आहे, फुलं आहेत, आणि दगडावर फोटो काढणाऱ्या बाईची सावली पडली आहे.

ही सावली फोटोग्राफीच्या शाळेत चूक म्हणून दाखवतील. दुपारचं ऊन पाठीशी घेऊन खाली वाकून फोटो काढला की ती पडतेच; दोन पावलं बाजूला सरकलं की जाते. ती राहू दिली आहे, आणि ठीकच केलं आहे. मुलगा आला असता तर त्याची सावली तिथे पडली असती. आलेली बाई त्याच्या जागी उभी आहे, पण ती तो नाही, हे सावलीमुळे लपत नाही. शिंडलरचा उल्लेखही जपून केला आहे. जगभरचे लोक विनापरवाना जिथे येतात, तिथून काही पावलांवरच्या आईच्या कबरीशी येणं मुलाला जमत नाही, एवढंच नोंदवलं. त्याहून एक शब्द जास्त लिहिला असता तर दोन दुःखांची तुलना झाली असती आणि पाटी बिघडली असती.

फोटो इतके साधे का

बाकीचे फोटोही असेच: रंगीत, सरळ, पर्यटकाच्या अल्बमात खपून जातील असे. ताटलीतला मासा, गल्लीतला मुलगा, डोंगरावरून दिसणारा समुद्र. प्रकाशासाठी वाट पाहिलेली दिसत नाही. असं करण्याला कारण आहे. हैफाचा किनारा सुंदर टिपला असता तर बघणारा त्या किनाऱ्यात रमला असता आणि ज्याने मागितलं तो बाजूला पडला असता. साधा फोटो पोस्टातल्या पावतीसारखं काम करतो: काम झालं, ही खूण. पावती कुणी फ्रेम करून आनंदाने बघत नाही. तिच्यावरचं नाव वाचतो.

पाटी आणि फोटो यांच्यात जी फट उरते, तिच्यात हे काम उभं आहे. सय्यादिया खाल्ली गेली, पण ज्याला भूक होती त्याच्या पोटात नाही. आईला मिठी मिळाली, ती दुसऱ्या बाईची. ‘इच्छापूर्ती’ हा शब्द या कामाबद्दल वाचला की समजावं, लिहिणाऱ्याने पाट्या वाचलेल्या नाहीत.

सुर्दा: पासपोर्ट चालत नाही तेव्हा

याच काळात जासिर वेस्ट बँकेतल्या बिरझैत विद्यापीठात कामासाठी जात-येत होत्या. रामल्ला ते बिरझैत रस्त्यावर सुर्दा इथे इस्रायली सैन्याने नाका घातला होता. विद्यापीठ आणि तीसेक गावांकडे जाणारा तोच रस्ता उरला होता. गाड्या बंद, सैन्याच्या त्या दिवशीच्या मर्जीनुसार दोन किलोमीटरपर्यंत पायी. म्हातारे, पोरं, आजारी, सगळे.

9 डिसेंबर 2002 ला त्या चालताना व्हिडिओ कॅमेऱ्याने स्वतःचे पाय चित्रित करत होत्या. सैनिकाने हटकलं. अमेरिकन पासपोर्ट पुढे केला तर त्याने तो चिखलात फेकला. पावसात, रणगाड्याशेजारी, बंदुकीच्या धाकाने तीन तास थांबवून ठेवलं आणि टेप काढून घेतली. हैफा आणि जेरुसलेमची दारं उघडणारा कागद तो हाच, पण रोजच्या कामावर जायच्या वाटेवर त्याची किंमत शून्य निघाली. पर्यटकाला असलेली मोकळीक तिथल्या माणसासारखं वागायला लागलं की संपते.

त्या रात्री त्यांनी पिशवीला भोक पाडून कॅमेरा आत बसवला आणि पुढचे आठ दिवस जाण्यायेण्याचं चित्रण केलं. ‘क्रॉसिंग सुर्दा’ या दोन पडद्यांच्या कामात जे दिसतं ते बहुतेक कमरेखालचं आहे: चिखल, खड्डे, बूट, इतरांच्या पिशव्या, मध्येच रणगाडा. चौकट हलते, क्षितिज तिरकं होतं. मुद्दाम केलेली शैली म्हणून याची नक्कल करणारे पुष्कळ आहेत, पण इथे ती भोकाच्या जागेवरून ठरली. पिशवी खांद्याला, भिंग कमरेच्या उंचीवर, त्यातून दिसलं तेवढंच मिळालं.

पुढचा काळ आणि दालनं

‘व्हेअर वी कम फ्रॉम’ 2003 मध्ये न्यूयॉर्कच्या डेब्स अँड कंपनी दालनात लागलं, 2004 मध्ये व्हिटनी द्वैवार्षिकात. 2005 मध्ये अमेरिकेतल्याच विचिटा इथल्या उलरिक संग्रहालयात वेगळाच पेच झाला. स्थानिक ज्यू संघटनेची माहितीपत्रकं प्रदर्शनाच्या दालनात ठेवायला आधी संमती मिळाली होती. कलाक्षेत्रातून आक्षेप आल्यावर ती मागे घेतली गेली. तीस माणसांच्या ओळखपत्रांच्या नोंदीला ‘दुसरी बाजू’ लागते असं वाटणं, यातच नोंदीची धार दिसते.

आज हेच काम याच रीतीने करता येणार नाही. 2006 पासून परदेशी पासपोर्टवर येणाऱ्या पॅलेस्टिनी वंशाच्या लोकांना सीमेवरूनच परत पाठवण्याचे प्रकार वाढले. 2007 नंतर गाझाची नाकेबंदी आवळली आणि नातेवाइकांना भेटायला किंवा मासळी-भात खायला म्हणून तिथे शिरण्याची वाट साध्या प्रवाशाला उरली नाही. म्हणजे 2001 ते 2003 मधली ती फट फार थोडा काळ उघडी होती, आणि त्या फटीचं मोजमाप म्हणूनही या पाट्या आता वाचाव्या लागतात.

ही पद्धत कुणी उचलणार असेल तर

धरणग्रस्त, फाळणीतले, दंगलीनंतर वस्ती सोडलेले, कुणाबरोबरही ही रीत वापरता येते. पण नुसता साचा उचलला तर ती फसते, आणि फसण्याच्या जागा ठरलेल्या आहेत. पहिली, प्रश्न ढिला ठेवणं. ‘गावासाठी काय वाटतं’ असं विचारलं की निबंध मिळतो. एका माणसाला, एका दिवसात, हाताने करता येईल असंच काम मागावं, आणि उत्तर मोघम आलं तर ‘म्हणजे कुठल्या विहिरीचं पाणी?’ असं एकदा विचारून घ्यावं. दुसरी, तिसऱ्या माणसाची संमती. आई, ती फोनवरची मुलगी, भावाची पोरं यांनी काही मागितलेलं नसतं, त्यांच्या दारात आपण उभे राहतो. मागणाऱ्याचा होकार त्यांचा होकार ठरत नाही. कॅमेरा पिशवीत ठेवून आधी निरोप द्यावा.

तिसरी चूक सुरक्षिततेची. पूर्ण नाव आणि चेहरा कशालाच लागत नाही. पहिलं नाव आणि कागदपत्रांचा प्रकार एवढ्यावर जासिर यांचं काम उभं राहिलं. फोनने काढलेल्या फोटोत ठिकाणाचे अक्षांश-रेखांश जातात, ते पुसूनच फाइल पुढे द्यावी. चौथी चूक म्हणजे करणाऱ्याने स्वतःचा अनुभव लांबण लावून लिहिणं. टीप दोन-तीन वाक्यांची, तीही जाऊन आल्यावर जे आधी माहीत नव्हतं त्यापुरती. शिंडलरच्या कबरीची टीप या मापात बसते.

मांडणीत मजकुराचा आकार इतका ठेवावा की वाचायला जवळ यावं लागेल, आणि फोटो शेजारीच, त्याच नजरेच्या टप्प्यात. पाट्या एका भिंतीवर आणि फोटो दुसऱ्या, असं कधी करू नये. समाजमाध्यमांवर नेमकं हेच होतं: माशाची ताटली एकटी फिरते आणि खाण्याचा फोटो होऊन बसते. म्हणून पाटी आणि फोटो छापतानाच एका कागदावर घ्यावेत, आणि पाठवताना दोन्हींची एकच फाइल करून पाठवावी.